स्वस्तात ‘प्रायमरी’ विकणाऱ्यांपासून सावध राहा

घरात प्लेस्टेशन, म्हणजे सोनीचं गेम खेळायचं मशीन असेल आणि मुलगा किंवा मुलगी ‘एक सेलर अर्ध्याहून कमी किमतीत गेम देतोय’ असं म्हणत असेल, तर पैसे पाठवण्याआधी हे वाचा. आमच्या नेरूळच्या घरात हे घडलंय. पैसे तर गेलेच, पण नंतर त्याच सेलरने माझ्या मुलाचा स्वतःचा आयडी, म्हणजे त्याचं प्लेस्टेशनचं अकाउंटही काढून घेतलं. त्या दुसऱ्या फटक्याने मुलगा खरा खचला.

फसवणूक कशी झाली ते सांगण्याआधी शेअरिंग म्हणजे काय ते सांगायला हवं. ते कळलं नाही तर मुलांना नुसतं ‘घेऊ नकोस’ म्हणून काही उपयोग होत नाही.

डिस्कवरच्या गेमचा हिशेब सरळ असतो. डिस्क ज्याच्या हातात, गेम त्याचा. डिजिटल गेम मात्र मशीनच्या नावावर नसतो, तो अकाउंटच्या नावावर असतो. एका घरात तीन माणसं खेळणारी असली तर प्रत्येकाने वेगळा गेम घ्यायला नको, म्हणून प्लेस्टेशन ५ म्हणजे पीएस५मध्ये ‘कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले’ नावाचं सेटिंग आहे. ज्या मशीनवर ते चालू असेल तिथे कोणीही आपापल्या आयडीने त्या अकाउंटवरचे गेम खेळू शकतो, अगदी इंटरनेट नसलं तरी. एका अकाउंटसाठी हे सेटिंग एका वेळी एकाच पीएस५वर चालू राहतं. इतर मशीनवर तोच गेम खेळायचा तर अकाउंटच्या मालकालाच लॉगइन करून, नेट चालू ठेवून खेळावं लागतं. पीएस४मध्ये याच सोयीला ‘प्रायमरी’ म्हणायचे आणि पोरांच्या तोंडी अजून तोच शब्द आहे. पीएस४ची प्रायमरी वेगळी धरली जाते, त्यामुळे एकाच अकाउंटवरून एक पीएस४ आणि एक पीएस५ अशी दोन मशीन चालतात.

आमच्याकडे हे अनेक महिने छान चाललं होतं. माझा भाऊ ठाण्याला वर्तकनगरला राहतो. भाचा एका रविवारी आला आणि म्हणाला, “आत्या, माझं शेअरिंग तुमच्या मशीनवर चालू करून देतो, दोघांचं काम होईल.” तो स्वतःच्या घरी त्याच्या आयडीने खेळायचा, माझा मुलगा आमच्याकडे स्वतःच्या आयडीने. एकच गेम दोघे एकाच वेळी खेळू शकत होते. पुढे भाचा हॉस्टेलला गेला. तिथलं वायफाय सारखं बंद पडायचं, म्हणून त्याला शेअरिंग स्वतःच्या मशीनवर घ्यावं लागलं. त्याने आधी फोन केला, “सॉरी रे, आज रात्री तुझ्याकडचे गेम लॉक होतील,” म्हणून सांगितलं आणि तसंच झालं. गेमच्या चित्रावर कुलूप दिसायला लागलं.

या प्रसंगातून एक गोष्ट लक्षात घ्या. हॉस्टेलमध्ये बसून त्याने एक सेटिंग बदललं आणि नेरूळच्या मशीनवरचे गेम बंद झाले. भाच्याने फोन करून सांगितलं, कारण तो भाचा आहे. अनोळखी माणूस कशाला सांगेल?

दिवाळीच्या सुट्टीत मुलाला फुटबॉलचा नवा गेम हवा होता. प्लेस्टेशनच्या ऑनलाइन स्टोअरवर असे नवे गेम चार-पाच हजारांच्या घरात असतात. कॉलेजच्या पहिल्या वर्षाला असलेल्या मुलाने एका गेमसाठी एवढे पैसे आणायचे कुठून? किंमत जास्त आहे यात वाद नाही, आणि स्वस्त पर्याय शोधणारी मुलं लबाड आहेत असं मी कधीच म्हणणार नाही. एका मेसेजिंग ॲपवरच्या चॅनलवर त्याला तोच गेम दिसला. पीएस५ प्रायमरी १,६०० रुपये, पीएस४ प्रायमरी १,२००, सेकंडरी, म्हणजे सेलरच्याच आयडीने नेट चालू ठेवून खेळायचं, ७००. खाली ‘लाइफटाइम वॉरंटी’. त्याच्या खाली ‘व्हाउच’ म्हणून खूश झालेल्या गिऱ्हाइकांचे स्क्रीनशॉट, ‘लेजिट सेलर’, ‘थँक्यू भाई’, एकापाठोपाठ एक. असे स्क्रीनशॉट कोणालाही बसल्या जागी बनवता येतात. त्यांना पुरावा मानू नका.

सेलर मराठीत बोलायचा. “मीपण कोपरखैरण्याचाच आहे भावा, टेन्शन घेऊ नको,” असं म्हणाल्यावर मुलाला आपल्यातलाच कोणी वाटला. त्याने विचारलं, वाशी स्टेशनला भेटून पैसे देऊ का? तर म्हणाला, सध्या पुण्यात आहे, क्यूआर पाठवतो. क्यूआरवर नाव एका बाईचं होतं. “मावशीचं खातं आहे.” ओवाळणीचे पैसे साठवलेले होते, त्यातले १,६०० गेले.

सुरुवातीला सगळं सुरळीत झालं, आणि म्हणूनच कोणाला संशय येत नाही. सेलरने एक आयडी आणि पासवर्ड दिला. लॉगइन करताना लागणारा कोड त्याच्या फोनवर गेला, तो त्याने लगेच सांगितला. शेअरिंग चालू झालं, गेम डाउनलोड झाला, मुलगा आपल्या आयडीने खेळायला लागला. सेलरने काही नियम घातले होते. पासवर्ड बदलायचा नाही, तो युजर डिलीट करायचा नाही, आणि ‘रजिस्टर व्हायला वेळ लागतो, तोवर नेट बंद ठेवून खेळ.’

हा शेवटचा नियम कशासाठी होता ते आम्हाला नंतर कळलं. शेअरिंग काढून घेतलंय हे मशीनला नेटवर गेल्याशिवाय कळत नाही. तोपर्यंत गेम चालूच राहतो. मधल्या काळात सेलर तीच ‘प्रायमरी’ पुढच्या मुलाला विकतो, त्यालाही नेट बंद ठेवायला सांगतो, मग तिसऱ्याला. आमच्याकडे गेमचा अपडेट घ्यायला नेट चालू केलं आणि कुलूप लागलं. सेटिंगमधलं ‘रिस्टोअर लायसन्सेस’ (गेमचे परवाने मशीनवर पुन्हा आणणं) करून पाहिलं. त्याचा उपयोग होणार नव्हता, कारण लायसन्स मुळात दुसऱ्याच्या अकाउंटचं होतं.

मुलाने मेसेज केला. शिवीगाळ नाही, ब्लॉक करणं नाही. उलट माफी मागितली. “सर्व्हरचा लोचा आहे भावा. तुझं नुकसान होऊ देणार नाही. तुझ्याच आयडीवर कायमचा गेम टाकून देतो. आयडी, पासवर्ड दे, आणि कोड येईल तो सांग.”

मुलगा बेसावध होता असं कोणी म्हणू नये. पहिल्या वेळी सेलरने स्वतःचा आयडी, पासवर्ड आणि कोड याच पद्धतीने दिला होता. तेव्हा काही वाईट झालं नव्हतं, त्यामुळे हीच रीत असते असं त्याच्या मनावर ठसलं होतं. पहिला स्वस्त व्यवहार बहुतेक एवढ्यासाठीच असावा. १,६०० रुपयांपेक्षा मोठी गोष्ट त्या माणसाला दिसत होती. थोड्याच वेळात मुलाच्या आयडीचा ईमेल बदलला, पासवर्ड बदलला. वाढदिवसांना आणि सेलमध्ये घेतलेले गेम, वॉलेटमधले पैसे, शाळेपासूनच्या मित्रांची यादी, सगळं गेलं. मग ब्लॉक केलं. त्या रात्री मुलगा जेवला नाही, आणि मला सांगायलाही त्याला दुसरा दिवस लागला.

आयडी परत मिळाला, आणि तो कसा मिळाला हे महत्त्वाचं आहे. प्लेस्टेशनच्या ग्राहक सेवेला अकाउंट आपलंच आहे हे पटवावं लागतं. त्यासाठी मशीनचा सीरियल नंबर आणि जुन्या खरेदीच्या पावत्यांवरचे व्यवहार क्रमांक उपयोगी पडले. प्रत्येक खरेदीनंतर ईमेलवर पावती येते. ती डिलीट करू नका आणि सीरियल नंबरचा फोटो काढून ठेवा. आयडी हातात आल्यावर पासवर्ड बदलला, सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट केलं आणि टू-स्टेप व्हेरिफिकेशन, म्हणजे पासवर्डशिवाय फोनवरचा कोडही लागण्याची सोय, स्वतःच्या फोनवर लावलं. २०२४पासून प्लेस्टेशनवर पासकीही, म्हणजे पासवर्डऐवजी आपल्याच फोनच्या लॉकने (बोटाचा ठसा, चेहरा किंवा पिन) लॉगइन करायची सोय, लावता येते. ती लावली तर पासवर्डच राहत नाही, मग गोड बोलून तो काढून घेण्याचा प्रश्नही येत नाही.

पैशांबद्दल १९३०वर फोन केला. ही सायबर फसवणुकीची राष्ट्रीय हेल्पलाइन आहे. तिथे आणि सायबरक्राइम डॉट जीओव्ही डॉट इन या पोर्टलवर तक्रार करता येते. यूपीआय व्यवहाराचा बारा आकडी यूटीआर नंबर, क्यूआरवरचं नाव, मोबाइल नंबर, चॅनलची लिंक आणि चॅट एवढं हाताशी ठेवा. चॅटचे स्क्रीनशॉट ब्लॉक होण्याआधीच काढा, कारण सेलर स्वतःचे मेसेज पुसतो. तक्रार जितकी लवकर, तितकी समोरच्या खात्यात पैसे अडवून ठेवण्याची शक्यता जास्त. आम्हाला उशीर झाला, पैसे पुढे निघून गेले होते. तरीही तक्रार नोंदवली. दुसऱ्याचा पासवर्ड अप्रामाणिकपणे वापरणं हा माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६सी खाली गुन्हा आहे, कॉम्प्युटर वा मोबाइल वापरून तोतयेगिरीने फसवणं हा ६६डी खाली. दोन्हींत तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. दीड हजाराचीच तर बाब आहे, असं मला बऱ्याच जणांनी सांगितलं. हे विक्रेते किंमत हजार-दोन हजारांत ठेवतात ती याच भरवशावर, की एवढ्यासाठी कोणी चौकीची पायरी चढणार नाही.

काही मुलं म्हणतात, ‘आमचा सेलर चांगला आहे, वर्ष झालं, काही झालं नाही.’ असेलही. पण त्याच्याकडे विकायला काय आहे ते पाहा. ईमेल त्याचा, कोड त्याच्या फोनवर. तुम्ही पासवर्ड बदललात तरी ईमेलवरून तो पुन्हा बदलू शकतो. तो वेबसाइटवरूनही सगळी मशीन एकदम काढून टाकू शकतो, सहा महिन्यांतून एकदा. सोनीच्या अटींनुसार अकाउंट विकता येत नाही, त्यामुळे दाद मागायला गेलात तर तुमच्या बाजूने कागद नाही. गेम चोरीच्या कार्डावर घेतलेला असेल आणि कार्डवाल्याने बँकेकडून पैसे परत घेतले, तर ते अकाउंट बंद होतं आणि त्याबरोबर तुमचा गेमही जातो. सेलर कितीही सज्जन असला तरी ‘लाइफटाइम वॉरंटी’ देणं त्याच्या हातात नाही.

पीएसपुरतंच हे नाही. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्सवर ‘होम एक्सबॉक्स’ (त्यांची ‘प्रायमरी’) वर्षात पाचच वेळा बदलता येतो, आणि तो कुठे ठेवायचा हे अकाउंटचा मालकच ठरवतो. कॉम्प्युटरवरचे गेम विकणाऱ्या स्टीमवर सहा जणांचं कुटुंब बनवून गेम वाटून घेता येतात. त्यातली जागा विकणारेही आहेत. स्टीमवर कुटुंब सोडलं की, सामील झाल्यापासून एक वर्ष पूर्ण होईपर्यंत दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही. शिवाय त्या अनोळखी ‘कुटुंबा’तल्या कोणी तुमच्या गेममध्ये चीटिंग केलं, तर त्या गेमवर बंदी तुमच्यावरही येते. गेमची मशीन बनवणाऱ्या निन्टेन्डोने २०२५मध्ये डिजिटल गेमसाठी व्हर्च्युअल गेम कार्ड आणलं. त्यात फॅमिली ग्रुपमधल्या माणसाला गेम १४ दिवसांसाठी उसना देता येतो, मग तो आपोआप परत येतो. मला ही पद्धत सगळ्यांत आवडली, कारण उसना म्हणजे उसना हे पहिल्यापासूनच स्पष्ट असतं.

मग मुलांनी करायचं काय? ज्यांच्या मशीनला डिस्क ड्राइव्ह आहे त्यांनी डिस्क घ्यावी. वापरलेली डिस्क ओळखीच्याकडून, समोर बसून, मशीनमध्ये घालून बघून घेता येते, आणि खेळून झाल्यावर विकताही येते. डिस्क ड्राइव्ह नसलेली डिजिटल एडिशन असेल तर सेलची वाट बघणं हाच मार्ग. नवा गेम काही महिन्यांत बराच खाली येतो. शेअरिंग करायचं असेल तर ज्याच्या घरी जाऊन जेवता, त्याच्याशीच करा. मुलाचा आणि भाच्याचा आता नवा करार झालाय. सेमिस्टर चालू असताना शेअरिंग हॉस्टेलच्या मशीनवर, सुट्टीत भाचा ठाण्याला आला की आमच्या मशीनवर.

आमच्या तक्रारीवर अजून निकाल नाही. ठाणे, नवी मुंबई, कल्याण, पनवेल भागात कोणाकडे ‘कोपरखैरण्याचा आहे’ म्हणणाऱ्या, बाईच्या नावाचा क्यूआर पाठवणाऱ्या अशा सेलरला पैसे दिल्याची नोंद असेल, तर रक्कम कितीही लहान असो, १९३०वर तक्रार करा आणि यूटीआर नंबर त्यात नक्की टाका. वेगवेगळ्या तक्रारींत तेच खातं पुन्हा पुन्हा दिसलं की पोलिसांना माग काढणं सोपं जातं. माझ्या मुलाच्या वर्गातल्या आणखी एका मुलाने त्याच क्यूआरवर पैसे दिले होते. त्याने अजून घरी सांगितलेलं नाही. या रविवारी मी त्याच्या आईशी बोलणार आहे.