दोन काट्यांचा भावदाबमापक: घरगुती यंत्राचं परीक्षण

ज्या कल्पित जगात माणसांच्या एकत्रित भावनांवर आभाळ चालतं, तिथल्या घरांसाठीचं हे यंत्र. काळा काटा हवेचा दाब दाखवतो, तांबडा वस्तीच्या मनाचा ताण. खरी माहिती मिळते ती दोघांमधल्या अंतरातून. दोन्ही एकत्र उतरले तर साधी सर. काळा उतरतोय आणि तांबडा चढतोय, तर राग वादळ ओढून आणतोय; खिडक्या लगेच लावाव्यात.

बसवताना चूक होते ती काळ्या काट्यात. समुद्रसपाटीचा प्रमाण दाब १०१३.२५ हेक्टोपास्कल, आणि दर ८ मीटर उंचीला तो साधारण १ हेक्टोपास्कलने घटतो. म्हणजे ८० मीटरवरच्या घरात काटा मुळातच १० ने खाली असतो. मागचा स्क्रू बारीक पेचकसाने अगदी हळू फिरवून ही भर घालावी. वाचण्याआधी काचेवर हलकी टिचकी मारावी, अडकलेला काटा सुटतो.

तांबडा काटा शून्यावर आणायचा तो पहाटे, वस्ती झोपेत असताना. भांडणानंतर लावला तर तोच ताण यंत्र शून्य धरतं आणि पुढे सगळंच चुकतं. बैठकीत तर टांगूच नये. जवळच्या चौघांचा आवेश त्याला अख्ख्या वस्तीचा वाटतो. जिन्याचा वरचा कोपरा उत्तम.

उणीव एकच, पण मोठी: राग ते क्षणात पकडतं, दुःख नाही. दुःख सावकाश साचतं, काटा हलेपर्यंत रिमझिम सुरू झालेली असते. शोकाच्या दिवसांत शेजाऱ्यांच्या चेहऱ्यांवर जास्त विसंबावं.