फुकटच्या ॲक्टिव्हेटरबरोबर पाच महिने

सेकंडहँड लॅपटॉप घेतला तेव्हा स्क्रीनच्या कोपऱ्यात ‘ॲक्टिव्हेट विंडोज’ अशी पुसट अक्षरं यायची. भाचा म्हणाला, “मामा, पाच मिनिटांचं काम आहे.” त्याने नेटवरून फुकटचा ॲक्टिव्हेटर, म्हणजे लायसन्स न घेता विंडोज ॲक्टिव्हेट करणारं टूल, उतरवून चालवलं. खरंच पाच मिनिटांत झालं. त्याआधी फक्त डिफेंडर, म्हणजे विंडोजचा स्वतःचा अँटीव्हायरस, बंद करून टूलचा फोल्डर स्कॅनमधून वगळावा लागला. अँटीव्हायरस ओरडेल, लक्ष देऊ नका, असं फाइलसोबतच्या सूचनेतच होतं. चोराने सांगावं कुत्रं बांधून ठेवा आणि आपण बांधावं, तसलं झालं.

चार महिने काडीची तक्रार नव्हती, हेही सांगायला हवं. अपडेट वेळेवर यायचे. एकदा सहज टास्क शेड्यूलर (ठरल्या वेळी आपोआप चालणाऱ्या कामांची यादी) उघडला, तर एक अनोळखी काम ॲडमिनच्या अधिकारात नेमाने चालू. हे काम त्या टूलचंच. मोठ्या कंपन्यांत सगळ्या संगणकांवरचं विंडोज ॲक्टिव्हेट करणारा केएमएस सर्व्हर असतो. त्याचं ॲक्टिव्हेशन १८० दिवस टिकतं आणि संगणक दर ७ दिवसांनी ते वाढवून घ्यायला बघतो. हे टूल तसलाच खोटा सर्व्हर आपल्या लॅपटॉपवर बसवतं. त्यामुळे एकदा चालवलं आणि विसरलो, असं होत नाही. पाहुणा मुक्कामालाच असतो.

पाचव्या महिन्यात माझ्या मेलमध्ये कुणीतरी परक्या शहरातून लॉगिन केलं. मी चार-पाच दुकानदारांचे जीएसटी रिटर्न भरतो, त्यांचे पासवर्ड ब्राउझरमध्येच सेव्ह केलेले. एकेकाला फोन करून “पासवर्ड बदलूया” म्हणताना कारण काय सांगावं ते सुचेना. वगळलेला फोल्डर पुन्हा स्कॅनमध्ये घेतला, तर पासवर्ड चोरणारा ट्रोजन, म्हणजे कामाच्या प्रोग्रॅमच्या आडून घुसणारा व्हायरस, निघाला. २०२१ मध्ये रेड कॅनरी या सायबर सुरक्षा कंपनीने दाखवलं होतं, की केएमएसपिको या अशाच ॲक्टिव्हेटरच्या बनावट इन्स्टॉलरमधून क्रिप्टबॉट हा पासवर्डचोर पसरतोय. सोबत खरं टूलही बसतं, म्हणून कुणाला शंका येत नाही. माझंही ॲक्टिव्हेशन शेवटपर्यंत शाबूत होतं!

दोन रविवार गेले. दुसऱ्याच्या संगणकावर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून विंडोज नव्याने टाकायचा पेनड्राइव्ह बनवला, डिस्क पूर्ण पुसली, पासवर्ड फोनवरून बदलले.

आणि नंतर कळलं, ॲक्टिव्हेट न केलेल्या विंडोजलाही सुरक्षा अपडेट मिळतात. अडतं ते वॉलपेपर, रंग बदलण्यापाशी. एवढ्यासाठी मी हा उपद्व्याप केला होता.

गेले तीन महिने ती पुसट अक्षरं कोपऱ्यात आहेत, लायसन्सचे पैसे बाजूला काढतोय. परवा भाचा आला, “मामा, परत करून देऊ का?” चहा पाजला आणि पाठवला.