‘कॉन्ट्रा’ची मूळ जपानी कॅसेट म्हणून मला काय विकले गेले

गेल्या पावसाळ्यात ‘कॉन्ट्रा’ या खेळाची मूळ जपानी कॅसेट विकत घेण्याच्या व्यवहारात माझे २१,५०० रुपये गेले. जुन्या व्हिडिओ गेमच्या कॅसेट जमवणारे माझ्यासारखे बरेच जण आता आपल्याकडे आहेत, आणि मला फसवणाऱ्याने या मालिकेच्या गुंतागुंतीच्या इतिहासाचाच आधार घेतला होता, म्हणून सगळा प्रकार तपशिलाने लिहीत आहे.

नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायचा संच आमच्या घरी आला, तेव्हा त्यासोबतच्या कॅसेटमध्ये ‘कॉन्ट्रा’ होता. खेळातल्या दोन सैनिकांपैकी थोरला भाऊ बिल व्हायचा आणि मी लान्स. खेळ मध्येच अडकला की कॅसेट काढून तिच्या तोंडात फुंकर मारायची आणि पुन्हा बसवायची, हे त्या काळातल्या प्रत्येकाला आठवत असेल. त्या कॅसेट परवान्याविना बनलेल्या होत्या, पण त्या अस्सल आहेत असे सांगून कोणी जादा पैसे मागत नव्हते. भावाच्या पन्नासाव्या वाढदिवसाला तोच खेळ त्याच्या अस्सल जपानी रूपात द्यावा, एवढीच माझी इच्छा होती.

जपानीच का, हे सांगणे आवश्यक आहे, कारण माझी फसवणूक नेमकी तिथेच झाली. कोनामी कंपनीने ‘कॉन्ट्रा’ १९८७ मध्ये काढला तो आर्केडसाठी, म्हणजे नाणे टाकून खेळायच्या यंत्रासाठी. घरगुती संचांवर तो फेब्रुवारी १९८८ मध्ये आला: जपानमध्ये निन्टेन्डोच्या फॅमिकॉमवर आणि अमेरिकेत त्याच संचाच्या एनईएस या रूपावर. खेळ एकच असला तरी या दोन कॅसेट सारख्या नाहीत. जपानी कॅसेटमध्ये कोनामीने स्वतःची व्हीआरसी२ ही चिप वापरली होती आणि तिच्या बळावर पहिल्या टप्प्यातल्या जंगलात ताडाची झाडे वाऱ्यावर डोलतात, बर्फाळ टप्प्यात हिमवृष्टी होते, आणि दोन टप्प्यांच्या मध्ये नकाशा व छोटी कथादृश्ये दिसतात. अमेरिकी कॅसेटमध्ये ती चिप नव्हती, म्हणून हे सगळे गाळले गेले. कथासुद्धा बदलली: जपानी आवृत्तीत ती २६३३ सालातल्या गालुगा द्वीपसमूहावर घडते, तर अमेरिकी पुस्तिकेने तीच १९८७ सालच्या अ‍ॅमेझॉनच्या जंगलात नेऊन ठेवली. युरोपात तर आर्केडवरचा खेळ ‘ग्रायझर’ नावाने आला, आणि एनईएसवरची आवृत्ती ‘प्रोबोटेक्टर’ झाली, जिच्यात जर्मनीतले बालसंरक्षणाचे कडक नियम लक्षात घेऊन माणसांच्या जागी यंत्रमानव घातले होते. एका खेळाची इतकी नावे आणि इतकी रूपे असल्यामुळे विकणाऱ्याला गोंधळ घालायला भरपूर वाव मिळतो.

मार्च २०२४ मध्ये ‘ऑपरेशन गालुगा’ हा या मालिकेतला नवा खेळ आला, आणि कॅसेट जमवणाऱ्यांच्या ज्या ऑनलाइन गटात मी होतो तिथे जुन्या कॅसेटची चर्चा पुन्हा सुरू झाली. त्याच गटात एकाने जाहिरात टाकली: खोका, पुस्तिका आणि कॅसेट यांसह ‘फॅमिकॉम कॉन्ट्रा, १९८७, पहिली आवृत्ती’. छायाचित्रे उत्तम होती. खोक्यावर कांजी या जपानी लिपीत लिहिलेले ‘कोन्तोरा’ हे नाव स्पष्ट दिसत होते आणि खोक्याच्या डाव्या खालच्या कोपऱ्यात एक तिरपा ओरखडा होता. मी निरोप पाठवला. पुढचे चार दिवस तो माणूस माझ्याशी अत्यंत आदराने, ‘सर, सर’ म्हणत बोलला. ‘प्रोबोटेक्टर’ची हकीकत त्याला ठाऊक होती. ३० जीव देणारा तो बटणे दाबण्याचा प्रसिद्ध ‘वर-वर, खाली-खाली’चा क्रम काझुहिसा हाशिमोतो यांनी आधी १९८६ च्या ‘ग्रेडियस’ या कोनामीच्याच खेळात घातला होता, हेही त्याने मला सांगितले. डोलणाऱ्या झाडांचा विषय तर त्यानेच काढला. ज्याला इतके बारकावे माहीत आहेत तो खोटी वस्तू विकणार नाही, असे मी गृहीत धरले, आणि माझी खरी चूक ती होती. ही सगळी माहिती कोणालाही तासाभरात मिळवता येते.

तीन गोष्टी तेव्हाच खटकायला हव्या होत्या. फॅमिकॉमची कॅसेट १९८७ सालची असूच शकत नाही, कारण ती निघाली १९८८ मध्ये. मी ते वाचले आणि टंकनदोष समजून सोडून दिले. माझ्या नावाची चिठ्ठी शेजारी ठेवून कॅसेटचे नवे छायाचित्र पाठवा असे म्हटल्यावर त्याने, वस्तू ओसाकाला चुलत भावाकडे आहे, असे कारण दिले. आणि पैसे मागताना त्याने आधी ६,००० रुपये आगाऊ, मग १२,००० आणि शेवटी सीमाशुल्काच्या नावाखाली ३,५०० अशी मागणी केली, तेव्हा तिन्ही वेळा यूपीआयवर दिसलेले खातेदाराचे नाव वेगळे होते. ‘सर, ते आमच्या हिशेबनिसाचे खाते आहे,’ हे त्याचे उत्तर मी मान्य केले.

पार्सल तीन आठवड्यांनी आले, तेही परदेशातून नव्हे, देशातल्याच एका शहरातून. खोका नवाकोरा होता, छपाई किंचित धूसर होती, आणि डाव्या कोपऱ्यात ओरखडा नव्हता. आपल्याकडचे जुने संच फॅमिकॉमच्याच ६० पिनांच्या मापाचे असल्याने जपानी कॅसेट त्यांत थेट बसते, म्हणून मी आमचाच जुना संच काढून ती लावली. खेळ सुरू झाला. नकाशा आला नाही. बिल उडी मारून जंगलात उतरला आणि त्याच्या मागची झाडे स्तब्ध उभी होती. मी पहिला टप्पा पूर्ण केला, धबधब्यापर्यंत गेलो, मध्ये कुठेही कथादृश्य आले नाही. मग कवच उघडले. आत सर्किटची एक लहान हिरवी पट्टी होती आणि चिपच्या जागी काळ्या राळेचा थेंब होता. कोनामीच्या चिपचा कुठे मागमूस नव्हता. लहानपणी संचासोबत जशी कॅसेट मिळाली होती, तशीच एक नव्या खोक्यात घालून मला विकली गेली होती.

इथे एक सावधगिरी सांगतो. झाडे डोलली म्हणजे कॅसेट अस्सल, असेही समजू नये, कारण जपानी आवृत्तीची प्रत नव्या पट्टीवर चढवून केलेल्या नकलाही बाजारात असतात आणि त्यांत झाडे व्यवस्थित डोलतात. म्हणून पैसे देण्यापूर्वी कवच उघडून आतल्या पट्टीचे दोन्ही बाजूंचे छायाचित्र मागावे, आणि त्याच चित्रात आपले नाव व त्या दिवशीची तारीख लिहिलेला कागद असावा. अस्सल वस्तू हाती असलेल्या माणसाला याला पाच मिनिटे लागतात. जाहिरातीतली छायाचित्रे इंटरनेटवरच्या चित्रशोधात टाकून पाहावीत. मी ते काम पैसे गेल्यावर केले आणि ओरखड्यासह तीच छायाचित्रे एका जुन्या जपानी लिलावाच्या नोंदीत सापडली.

पार्सल उघडल्यानंतर त्या माणसाने माझा क्रमांक ब्लॉक केला. मी १९३० या सायबर मदतवाहिनीवर तक्रार केली, पण त्यासाठी नऊ दिवस लावले, कारण आधी त्याच्याशी बोलून प्रश्न सुटेल अशी मला आशा होती. तोवर तिन्ही खात्यांतली रक्कम पुढे गेलेली होती. तक्रार लगेच केली तरच खात्यातले पैसे गोठवता येण्याची शक्यता असते, हे मला तेव्हा समजले. पैसे अद्याप परत मिळालेले नाहीत. भावाला मी सगळे खरे सांगितले. त्याने ती कॅसेट मागून घेतली आणि आता ती त्याच्याकडे आहे.

या आठवड्यात दुसऱ्या एका गटात नव्या नावाने एक जाहिरात आली आहे. किंमत १६,००० रुपये आहे, साल १९८७ लिहिले आहे, आणि खोक्याच्या डाव्या खालच्या कोपऱ्यात तोच तिरपा ओरखडा आहे.