आपल्याच फिल्मची घडण टिपायची: मिररलेस की जुना फोन?

फिल्म करता करता ती कशी घडतेय तेही टिपून ठेवायचं, आणि तेही आपणच, तर मिररलेस (लेन्स बदलता येणारा, आत आरसा नसलेला डिजिटल कॅमेरा) लावावा की ड्रॉवरमधला जुना फोन? मी दोन्ही करून बसलोय. चित्राच्या दर्जात मिररलेस पुढे आहे, त्यावर वाद नाही. टेबललॅम्पच्या उजेडात खोडलेल्या ओळी, कागदाचा पोत, मध्येच थबकलेलं पेन, सगळं दिसतं. फोन त्याच उजेडात चेहरा मेणाचा करून टाकतो.

माझं घोडं पेंड खातं ते भलतीकडेच. माझा कॅमेरा जुना, सेकंडहँड. २९ मिनिटं ५९ सेकंद झाली की रेकॉर्डिंग आपोआप बंद. कारण जकातीचं: सलग ३० मिनिटं चित्रण करणारं यंत्र युरोपात व्हिडिओ कॅमेरा धरलं जाई, त्यावर जादा आयातशुल्क लागे, म्हणून कंपन्यांनी आधीच कात्री लावली. नव्या बहुतेक कॅमेऱ्यांत ही भानगड नाही, हेही सांगायला हवं.

एका रात्री सहलेखिका आणि मी शेवटावरून भांडत होतो. मग बराच वेळ दोघंही गप्प. एकदम ती म्हणाली, "अरे, बाप परत येतच नाही. आपणच उगाच त्याची वाट बघतोय." शेवट सापडला! उठून पाहतो तर लाल दिवा विझलेला. तिला तेच पुन्हा बोलायला लावलं. बिचारी दोनदा बोलली, दोन्ही वेळा पाठ केल्यासारखं. ते फुटेज मी वापरलंच नाही.

फोनला ही खोड नाही. चार्जिंगला लावायचा, एअरप्लेन मोडवर टाकायचा (नाहीतर कॉल आला की रेकॉर्डिंग तुटतं), पुस्तकांच्या कप्प्यात उभा करायचा आणि विसरायचं. समोरचेही विसरतात, म्हणून आधी सांगून ठेवा, चोरून टिपल्यासारखं नको. मोठी लेन्स रोखलेली दिसली की भले भले पाठ ताठ करून बसतात.

फोनची कटकट एडिटला कळते. त्याचा फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला टिपल्या जाणाऱ्या चित्रांची संख्या, स्थिर नसतो, २५ म्हटलं तरी वरखाली होतो. आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर घेतला असेल तर लांब क्लिपमध्ये ओठ आणि शब्द हळूहळू फारकत घेतात. पहिल्यांदा मी रेकॉर्डरलाच शिव्या घातल्या. आता एडिटला बसण्याआधी हँडब्रेकमधून क्लिप कॉन्स्टंट फ्रेम रेटवर काढून घेतो. हे सॉफ्टवेअर मोफत आहे, वेळ मात्र खातं. रात्री लावून झोपायचं.

तुमचं काम हातांचं असेल, चित्रं, बाहुल्या, सेटची मॉडेल्स, तर कदाचित मिररलेसच घ्या. पोत आणि रंग तिथे लागतातच. माझ्या फिल्म बोलण्यातून, आणि बोलणं थांबल्यावर घडतात. मिररलेस मी मूळ फिल्मच्या शॉट्सना ठेवलाय. कप्प्यात तडकलेल्या काचेचा फोन असतो, कव्हर काढून. नाहीतर तासाभरात तापतो.