मैवंदच्या लढाईवर काम करताय? मुंबईचं पुराभिलेखागार कितपत उपयोगी

27 जुलै 1880, दुसरं इंग्रज-अफगाण युद्ध. कंदाहारच्या पश्चिमेला मैवंदच्या मैदानात ब्रिटिश ब्रिगेडियर जनरल बरोज यांची सुमारे अडीच हजारांची फौज अफगाण सरदार अयूबखानापुढे मोडली, नऊशेहून जास्त माणसं पडली. त्यांत पहिली ग्रेनेडियर्स आणि तिसावी जेकब्ज रायफल्स या मुंबई फौजेच्या पलटणी होत्या. म्हणून काळा घोड्याला एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतलं पुराभिलेखागार या कामात टाळता येत नाही.

मात्र प्रत्यक्ष रणांगण तिथे शोधत बसू नका. बरोज यांचा अहवाल लंडन गॅझेटमध्ये छापलेला आहे, आणि वरच्या पातळीवरचे लष्करी कागद दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात व लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत पाहावे लागतात. मुंबईचा खरा उपयोग आहे तो लढाईच्या मागच्या बाजूसाठी. कंदाहारची रसद सिंधमधून जाई, आणि सिंध 1936 पर्यंत मुंबई इलाख्यात होता. जानेवारी 1880 मध्ये रेल्वे बलुचिस्तानातल्या सिबीला पोचली. तिथून पुढे बोलन खिंडीतून सगळी मदार जनावरांवर. उंट, चारा, धान्य, भाडं यांचा पत्रव्यवहार कलेक्टरांमार्फत होई. त्यामुळे लष्करी विभागाइतकाच महसूल विभागही चाळावा. बहुतेक अभ्यासक हे करत नाहीत आणि निम्मं युद्ध हातचं घालवतात.

मागणी नोंदवताना विभाग, वर्ष, खंड क्रमांक आणि कंपायलेशन (एका विषयाच्या पत्रव्यवहाराची फाईल) क्रमांक लिहायचा. सूचीत नुसतं ‘मैवंद’ शोधून भागत नाही. कारकुनाने विषय लिहिलाय तो ‘वाहतूक’, ‘निवृत्तिवेतन’, ‘भरपाई’ असा. कंदाहारचं इंग्रजी स्पेलिंग ‘के’ने आणि ‘सी’ने, दोन्ही पाहा. फक्त 1880 वर थांबू नका. दावे रेंगाळत, म्हणून 1879 ते 1882 धरा.

कंपायलेशनमध्ये पत्राची स्वच्छ प्रत वाचून पान उलटू नये. तिच्या आगेमागे उत्तराचा कच्चा मसुदा असेल, तर त्यातली खोडलेली वाक्यं आधी उतरवून घ्या. सरकारने काय लिहायचं टाळलं ते तिथेच कळतं, छापील अहवालात कधीच नाही. जुन्या शाईतल्या लोहाने कागद अक्षरांच्या रेषेवरच फाटतो, तेव्हा कोपरा चिमटीत न धरता पानाखाली तळहात सरकवून उलटा. टिपणं पेन्सिलीनेच घ्या.

पलटणींच्या नावांत हमखास घोळ होतो. 1903 मध्ये मुंबईच्या पायदळाच्या क्रमांकांत शंभर मिळवले गेले: पहिली ग्रेनेडियर्स 101 वी झाली, जेकब्ज रायफल्स 130 वी बलुची. 1818 च्या कोरेगावच्या लढाईची पलटण ती दुसरी ग्रेनेडियर्स, म्हणजे पुढची 102 वी. तिचा मैवंदशी संबंध जोडू नका. कुलाब्याचं अफगाण चर्चही 1858 चं, मुळात पहिल्या अफगाण युद्धाचं स्मारक.

पुराभिलेखागारातल्या कागदांवरच्या तारखा टाउन हॉलमध्ये एशियाटिक सोसायटीत जाऊन त्या आठवड्याच्या वर्तमानपत्रांशी ताडून पाहाव्यात. पराभवाच्या पहिल्या तारांमधले आकडे घाईतले आहेत. पलटणवार यादी हाती येईपर्यंत त्यांतला एकही आकडा लेखात घेऊ नका.