आधी एपानेट की जलतंत्र?

नागपुरात सिव्हिलचे विद्यार्थी पाइपजाळ्याचं मॉडेल शिकायला निघाले की दोन फुकट सॉफ्टवेअर समोर येतात: अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेचं, 1993 पासूनचं एपानेट आणि आयआयटी मुंबईचं जलतंत्र.

दोघांचा प्रश्नच वेगळा. एपानेटला व्यास तुम्ही द्यायचा, ते प्रत्येक नोडचा (पाइप जुळतात किंवा संपतात त्या बिंदूचा) दाब आणि पाइपमधला वेग सांगतं. जलतंत्रात किमान दाब आणि बाजारातल्या पाइपांचे दर भरले की सर्वांत स्वस्त व्यास ते निवडतं. गावाच्या नळयोजनेसाठी, टाकीपासून फांद्या फुटत जाणाऱ्या जाळ्याला, हे सोन्यासारखं.

तरी शिकायला मी एपानेटच आधी सांगेन. माझंच पहिलं मॉडेल घ्या. सेमिनरी हिल्सच्या उंचीवर टाकी, खाली वस्ती, पाइपचा व्यास 150. दाब भरपूर, हेडलॉस (घर्षणाने होणारी दाबाची घट) जवळजवळ शून्य! अर्धा दिवस गेला. प्रवाहाचं युनिट जीपीएम (गॅलन प्रति मिनिट) राहिलं होतं, त्याबरोबर व्यासही इंचांत धरला जातो, म्हणजे माझा पाइप 150 इंची झाला होता. एलपीएस (लिटर प्रति सेकंद) केल्यावर तोच आकडा मिलिमीटरमध्ये वाचला गेला. नोडची उंचीही शून्यच असते, तुम्ही भरेपर्यंत. अशा चुकांतूनच पाण्याचा स्वभाव हाताला कळतो. जलतंत्र तयार उत्तर देतं, ते खरं का हे तपासायची नजर मात्र एपानेटमधूनच येते.

शिवाय पंप, व्हॉल्व्ह, चोवीस तासांत टाकीची चढउतार, क्लोरीन किती उरतो, हे सगळं एपानेटमध्ये पाहता येतं. पाच-सहा नोडचं एक जाळं हाताने, हार्डी क्रॉस पद्धतीने (अंदाजी प्रवाह धरून तो पुन्हा पुन्हा दुरुस्त करत) सोडवा आणि आकडे ताडून बघा. मग जलतंत्र उघडा.