मटण स्ट्रीट, चोर बाजार : पीरियड प्रॉप्ससाठी माझा अनुभव

मी ट्रू क्राइम डॉक्युमेंटरीजच्या आर्ट डिपार्टमेंटला आहे, म्हणजे मुलाखतींच्या मधे जे रिक्रिएशन दाखवतात ना, पोलीस चौकी, घरातली खोली, मुद्देमाल, ते सगळं आम्ही उभं करतो. यावेळी काळ होता १९९३, म्हणजे त्या सालच्या वाटतील अशा वस्तू (पीरियड प्रॉप्स) हव्या होत्या.

आधी एका प्रॉप हायरवाल्याकडून सामान मागवलेलं, टेम्पो उघडला तर टाइपरायटर इंग्रजी, आणि शॉट होता मराठी जबाब टाइप करतानाचा क्लोजअप! वर म्हणे जुनाच आहे की मॅडम. अहो पण जुनं वेगळं आणि त्या सालचं वेगळं.

मग सेटिंग दादांना (सेट लावणारे) घेऊन थेट मटण स्ट्रीट गाठला, मुंबईच्या चोर बाजारातली जुन्या वस्तूंच्या दुकानांची गल्ली. तिसऱ्याच दुकानात मराठी कीबोर्डचा गोदरेज टाइपरायटर मिळाला, रिबन वाळलेली पण कीज सगळ्या चालू. दुकानातल्या चाचांनी आधी विचारलं कुठल्या सालचा सीन आहे, आणि मी डायलचा काळा फोन उचलला तर म्हणाले घर जरा बऱ्यापैकी असेल तर तेव्हा बटणाचा फोन आलेला असायचा, हा चौकीत ठेवा. ही नजर मला प्रॉप हायरवाल्यांच्या गोडाऊनमधे कधीच मिळाली नाही. तिथेच जुन्या दुकानांच्या पाट्या पण मिळाल्या, सात आकडी फोन नंबरवाल्या (मुंबईत आठ आकडी नंबर २००२ ला झाले, हे खूप जण चुकतात). इंग्रजी लेटरहेडवर बॉम्बे हवं, मराठीत मात्र तेव्हाही मुंबईच.

आता सांभाळायचं काय तर पितळी वस्तू बऱ्याचदा नव्या बनवून जुन्या केलेल्या असतात, स्क्रू नवे नाहीत ना ते बघून घ्या. भाव केल्याशिवाय घेऊ नका. पक्कं बिल सगळीकडे मिळेलच असं नाही, प्रॉडक्शनला ते लागतंच, म्हणून आधी विचारा. शुक्रवारी दुकानं बंद असतात, त्या दिवशी पहाटे रस्त्यावर बाजार भरतो, तो वेगळा. ग्रँट रोडवरून टॅक्सी सोपी पडते.

एवढा आटापिटा कशाला असं आमचा प्रॉडक्शन मॅनेजर विचारतो. ज्यांच्या घरातलं माणूस गेलंय ते लोक हे बघणार असतात, त्यांना ती खोली पाठ असते. टाइपरायटर मी परत विकणार नाहीये, पुढच्या शूटला ठेवलाय.

पाचपैकी साडेचार.